मागच्या ओळीतली माणसे

हिंदी चित्रपटातले गाणे सुरू झाले की आपली नजर नायिकेवर जाते. तिच्या मागे वीस-पंचवीस मुली त्याच ठेक्यावर, तसाच हात आणि तसाच पाय टाकत नाचत असतात. पहाटे घर सोडून, लोकल पकडून, तोंडाला रंग लावून त्या दिवसभर उभ्या असतात. गाणे संपते. नायिकेचे नाव सर्वांच्या तोंडी होते आणि मागच्या मुलींपैकी एकीचाही चेहरा आपल्याला आठवत नाही. सरोज खान अशाच मागच्या ओळीत नाचत मोठ्या झाल्या आणि पुढे नावाजलेल्या नृत्यदिग्दर्शिका बनल्या. पण एक सरोज खान पुढे येते तेव्हा मागे राहिलेल्या शेकडो जणींचे काय होते, हा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही.

हा प्रश्न विचारणारा एक अमेरिकन चित्रपट आहे. त्याचे नाव 'अ कोरस लाइन'. तो १९८५ साली आला. दिग्दर्शक रिचर्ड ॲटनबरो. १९८२ साली 'गांधी' काढणारे ते हेच. त्या चित्रपटात बाबासाहेबांना कोठेच जागा नव्हती, ही खंत आपल्या वाचकांच्या मनात आहेच. परंतु आजचा विषय तो नाही. आजचा विषय आहे पोटासाठी नाचणाऱ्या माणसांचा.

आम्ही वाणिज्य शाखेचे, कचेरीत हिशेब लिहिणारे. नाचातल्या खुब्या आम्हाला कळतात असा आमचा दावा नाही. परंतु रांगेत उभे राहणे, नाव पुकारण्याची वाट पाहणे आणि 'नंतर कळवू' हे शब्द ऐकून घरी परतणे, हे आपल्यापैकी कोणाला माहीत नाही? एका जागेसाठी शेकडो अर्ज येतात आणि त्यातले बहुतेक परत न उघडता फायलीत बांधले जातात, हे आम्ही रोज पाहतो. म्हणून या चित्रपटाकडे आम्ही नाचाचा चित्रपट म्हणून पाहिले नाही, कामगारांचा चित्रपट म्हणून पाहिले.

आठ जागा आणि शेकडो उमेदवार

न्यूयॉर्क शहरातील ब्रॉडवे हा भाग संगीत नाटकांसाठी जगभर प्रसिद्ध आहे. तेथील नाटकात मुख्य नटनटींच्या मागे जो नाचणारा-गाणारा ताफा असतो त्याला कोरस म्हणतात. चित्रपटाची सारी गोष्ट एका रिकाम्या नाट्यगृहात, एका दिवसात घडते. नव्या नाटकासाठी चार पुरुष आणि चार स्त्रिया, असे एकूण आठ नर्तक हवे आहेत. त्यासाठी शेकडो तरुण-तरुणी निवडीला आले आहेत. काही मिनिटांच्या नाचातच बहुतेकांची गळती होते आणि सोळा-सतरा जण उरतात. त्यांना रंगमंचावर आखलेल्या एका पांढऱ्या रेषेवर उभे केले जाते.

निवड करणारा दिग्दर्शक झॅक अंधारात, प्रेक्षागृहाच्या मागच्या बाजूस बसलेला असतो. ही भूमिका मायकेल डग्लस यांनी केली आहे. उमेदवारांवर लख्ख उजेड असतो, पण त्यांना झॅक नीट दिसत नाही. फक्त ध्वनिक्षेपकातून त्याचा आवाज येतो. ज्याच्या हाती नोकरी देणे आहे तो अंधारात आणि ज्याला नोकरी हवी आहे तो उजेडात! एवढ्या एका मांडणीत मालक आणि मजूर यांच्यातील अंतर दिसून येते.

झॅक त्यांना एक वेगळाच हुकूम करतो. नाच पाहिला, आता स्वतःविषयी बोला, असे तो सांगतो. नाव काय, वय किती, नाचाकडे कसे वळलात? उमेदवार बावरतात. पाय हलवायला सांगितले तर ते हलवतील, पण मन उघडायचे म्हणजे काय करायचे? नोकरी मिळावी म्हणून कितपत खरे बोलायचे? हळूहळू एकेक जण बोलू लागतो आणि रेषेवरच्या त्या आकड्यांतून माणसे बाहेर येऊ लागतात.

माईक नावाचा तरुण बहिणीला नाचाच्या वर्गाला सोडायला जात असे. बसल्या बसल्या पाहून त्याला वाटले, हे तर आपल्यालाही जमेल. एक दिवस बहीण गेली नाही, तेव्हा तिचेच बूट पायात चढवून हा वर्गाकडे पळाला. शीला वयाने तिशीकडे झुकलेली, बोलायला तिखट. तिच्या घरात आईबापांचे पटत नव्हते. बॅले नृत्याचा वर्ग ही तिच्या बालपणातली एकमेव सुंदर जागा होती. व्हॅल नावाची मुलगी उत्तम नाचत असूनही तिला काम मिळत नसे. एकदा निवडीच्या कार्डावर तिने डोकावून पाहिले, तर नाचाला दहा गुण आणि दिसण्याला तीन! तिने शस्त्रक्रिया करून शरीरच बदलून घेतले आणि मग काम मिळू लागले. ती हे हसत हसत सांगते. आम्हाला मात्र हसू आले नाही. कामासाठी कौशल्य पुरत नाही, रूपही विकत आणावे लागते, असे सांगणारा बाजार कसला?

सर्वात अधिक लागली ती डायना मोरालेसची गोष्ट. डायना पोर्तो रिको बेटाकडून आलेल्या समाजातली. न्यूयॉर्कच्या कलाशाळेत तिला प्रवेश मिळाला. अभिनयाचे शिक्षक म्हणाले, तुम्ही बर्फावरून घसरणाऱ्या गाडीत बसला आहात अशी कल्पना करा आणि काय वाटते ते सांगा. बाकीच्यांना थंडी वाजली, वारा लागला. डायनाला काहीच वाटले नाही. वाटणार कसे? तिच्या मुलखात बर्फगाडी कोणी पाहिली होती! शिक्षकांनी मात्र ही पोर कधी अभिनेत्री होणार नाही असा शिक्का मारला. तिने वर्ग बदलला, पण शिकणे सोडले नाही. प्रश्नपत्रिका एकाच्या जगण्यातून काढायची आणि नापास दुसऱ्याला करायचे, हा प्रकार केवळ न्यूयॉर्कमध्ये होतो असे नाही. आपल्या पोरांना शाळेत 'काहीच येत नाही' म्हणणाऱ्या गुरुजींनी ही गोष्ट जरूर ऐकावी.

पॉल हाही त्याच समाजातला. त्याची ओढ पुरुषांकडे. शाळेत चेष्टा सोसून तो बाहेर पडला आणि स्त्रीवेष करून नाचणाऱ्या पुरुषांच्या एका मंडळीत लागला. आईबापांना त्याने हे सांगितले नव्हते. गावोगावच्या दौऱ्याला निघताना ते सामान घेऊन आले आणि त्यांनी मुलाला त्या वेषात पाहिले. पॉल घाबरला. परंतु जाताना वडील मंडळीच्या मालकाला एवढेच सांगून गेले की माझ्या मुलाची काळजी घ्या. वडिलांच्या तोंडून 'माझा मुलगा' हे शब्द पॉलने पहिल्यांदाच ऐकले होते. मुलाच्या वेगळेपणाची लाज वाटून त्याला घराबाहेर काढणाऱ्या पालकांनी या बापाकडे पाहावे.

एक डॉलरचा करार

या गोष्टी कोणा लेखकाने टेबलापाशी बसून रचलेल्या नाहीत. त्या खऱ्या माणसांच्या आहेत, आणि येथूनच खरा हिशेब सुरू होतो.

१९७० च्या दशकाच्या आरंभी ब्रॉडवेवर नाटके कमी झाली होती आणि नर्तकांना काम मिळेनासे झाले होते. मिशॉन पीकॉक आणि टोनी स्टीव्हन्स या दोन नर्तकांनी पुढाकार घेऊन आपल्यासारख्यांना एकत्र बोलावले. स्वतः कोरसमध्ये नाचून पुढे आलेले नृत्यदिग्दर्शक मायकेल बेनेट यांनाही बोलावण्यात आले. जानेवारी १९७४ मधील एका रात्री ही मंडळी जमली. आधी नाचली, मग गोल करून बसली आणि आपापल्या जन्माची कहाणी सांगू लागली. टेपरेकॉर्डर चालू होता. दुसऱ्या दिवशीपर्यंत बोलणे चालले.

या ध्वनिफितींतून बेनेट यांनी नाटक उभे केले. निकोलस दान्ते आणि जेम्स कर्कवुड यांनी संहिता लिहिली. दान्ते स्वतः नर्तक होते आणि पॉलची कहाणी ही त्यांचीच. संगीत मार्विन हॅमलिश यांचे, गीते एडवर्ड क्लेबन यांची. जोसेफ पॅप यांच्या पब्लिक थिएटरमध्ये महिनोन् महिने कार्यशाळा चालली. नर्तकांना आठवड्याला सुमारे १०० डॉलर मिळत. ज्यांनी आपले आयुष्य टेपवर सांगितले होते, त्यांच्यापैकी काहींना स्वतःचीच भूमिका मिळवण्यासाठी पुन्हा निवडीला उभे राहावे लागले!

आणि आपली कहाणी वापरू देण्याबद्दल त्यांना काय मिळाले? प्रत्येकी १ डॉलर. त्या वेळच्या दराने सुमारे आठ रुपये. त्या कागदावर त्यांनी सह्या केल्या. काम नव्हते, बेनेट यांच्यावर विश्वास होता आणि यातून पुढे काय उभे राहणार हे कोणालाच ठाऊक नव्हते.

काय उभे राहिले ते पाहा. नाटक मे १९७५ मध्ये रीतसर सुरू झाले, जुलैमध्ये ब्रॉडवेच्या शुबर्ट थिएटरात गेले आणि तेथे २८ एप्रिल १९९० पर्यंत चालले. एकूण ६,१३७ प्रयोग! १९७६ साली नऊ टोनी पुरस्कार आणि पुलित्झर पारितोषिक मिळाले. त्याच्या उत्पन्नावर पब्लिक थिएटर वर्षानुवर्षे तगले. एका बाजूला हे लाखो-कोटींचे आकडे आणि दुसऱ्या बाजूला एक डॉलर. जमाखर्चाची वही जाणणाऱ्या कोणालाही ही नोंद खटकल्याशिवाय राहणार नाही.

न्यायाला धरून हेही सांगितले पाहिजे की नाटक यशस्वी झाल्यावर बेनेट यांनी आपल्या उत्पन्नातला काही वाटा त्या मूळ नर्तकांना देण्याची व्यवस्था केली. परंतु १९८७ साली बेनेट वारले. २००६ साली नाटक नव्याने ब्रॉडवेवर आले तेव्हा या वाट्याचा प्रश्न पुन्हा निघाला. मूळ नर्तकांना भांडावे लागले आणि २००८ साली बेनेट यांच्या मालमत्तेचा कारभार पाहणाऱ्यांशी त्यांचा समझोता झाला. म्हणजे तरुणपणी केलेल्या एका सहीचा निकाल म्हातारपणी लागला.

चित्रपटाने काय गमावले

नाटक एवढे गाजले. चित्रपट मात्र पडला. ऑस्करची तीन नामांकने मिळाली, पुरस्कार एकही नाही. ज्यांनी नाटक पाहिले होते त्यांची निराशा झाली. याचे कारण समजून घेण्यासारखे आहे.

नाटकात कोणी नायक नाही, कोणी नायिका नाही. ती सगळ्या ओळीची गोष्ट आहे. चित्रपटाने त्या ओळीतून एक जोडी बाहेर काढली. कॅसी नावाची नर्तकी एकेकाळी झॅकची प्रेयसी होती. एकटीने नाव कमावण्यासाठी ती हॉलिवूडला गेली, तेथे काही झाले नाही आणि आता ती साध्या कोरसमधली जागा मागायला परत आली आहे. झॅक म्हणतो, तू या जागेपेक्षा मोठी आहेस. ती म्हणते, मला काम हवे आहे, आणि ही ओळीतली माणसेही कमी नाहीत. कॅसीचे काम ॲलिसन रीड यांनी मनापासून केले आहे. नाटकात हा धागा अनेकांपैकी एक आहे. चित्रपटात तो इतका लांबवला आहे की बाकीची माणसे पुन्हा मागच्या ओळीत गेली. मागच्या ओळीवर काढलेल्या चित्रपटालासुद्धा पुढे एक नायिका लागलीच!

असाच बदल एका गाण्यात झाला आहे. पॉलचा नाचता नाचता गुडघा दुखावतो आणि त्याला दवाखान्यात न्यावे लागते. रंगमंच गप्प होतो. जो प्रश्न प्रत्येकाच्या मनात दडलेला असतो तो समोर येतो: उद्या आपला पाय मोडला तर काय? नाटकात या वेळी डायना गाते आणि सारे तिच्यात सूर मिसळतात. जे केले ते कामावरच्या प्रेमापोटी केले, त्याचा पश्चात्ताप नाही, असा त्याचा भाव आहे. चित्रपटात हेच गाणे कॅसीला दिले. त्यामुळे सर्वांच्या पोटापाण्याचा प्रश्न एका स्त्रीच्या जुन्या प्रेमाचे उसासे होऊन बसला. ॲटनबरो यांच्यासारख्या जाणत्या माणसाकडून ही चूक कशी झाली, याचे नवल वाटते.

तरीही शेवट पाहण्यासारखा आहे. झॅक एकेकाचे नाव घेऊन पुढे येण्यास सांगतो. पुढे आलेल्यांचे चेहरे खुलतात, मागे राहिलेले मान खाली घालतात. मग झॅक पुढच्या ओळीला सांगतो, आल्याबद्दल आभार, आपण जाऊ शकता. निवड मागे राहिलेल्यांची झालेली असते! एका क्षणात आनंदाचे दुःख आणि दुःखाचा आनंद होतो. त्यानंतर सर्वजण सोनेरी पोशाख आणि उंच टोपी घालून नाचत येतात. सर्वांचा पाय एकाच वेळी उचलला जातो. आता माईक कोण, डायना कोण, पॉल कोण, काही ओळखू येत नाही. दोन तास ज्यांची ओळख करून घेतली, ती माणसे पुन्हा एका ओळीत विरघळून गेली. प्रेक्षक टाळ्या वाजवतो. आम्हाला मात्र तेथे गलबलून आले.

नाच थांबला तर?

नर्तकाचे काम शरीराचे. गिरणीतला किंवा गोदीतला कामगार साठीपर्यंत तरी रेटतो. नर्तकाचे गुडघे चाळिशीच्या आतच कुरकुरू लागतात. म्हणून पॉलचा गुडघा हा या गोष्टीचा खरा कणा आहे, असे आमचे मत आहे. ज्या वर्षी हा चित्रपट आला त्याच वर्षी, १९८५ साली, न्यूयॉर्कमध्ये नाच सोडावा लागणाऱ्यांना शिक्षण आणि दुसरा व्यवसाय मिळवून देण्यासाठी 'करिअर ट्रान्झिशन फॉर डान्सर्स' ही संस्था सुरू झाली. प्रश्न खरा होता म्हणूनच संस्था काढावी लागली.

संघटना कशासाठी?

येथे एक जुनी गोष्ट सांगणे भाग आहे. १९१९ पूर्वी ब्रॉडवेवरच्या कोरसमधील मुलींना तालमीचे पैसे मिळत नसत. आठवडेच्या आठवडे फुकट राबावे लागे. त्या वर्षी ऑगस्ट महिन्यात नटांच्या 'ॲक्टर्स इक्विटी' या संघटनेने संप पुकारला. बडे नट संपात होतेच. पण कोरसच्या मुलीही रस्त्यावर उतरल्या आणि त्या संपातच त्यांची स्वतःची 'कोरस इक्विटी' ही संघटना उभी राहिली. तिच्या पहिल्या अध्यक्षा मारी ड्रेसलर या प्रसिद्ध अभिनेत्री होत्या. त्यांनी स्वतः उमेदवारीच्या काळात कोरसमध्ये काम केले होते. महिनाभराने निर्माते नमले. १९५५ साली दोन्ही संघटना एक झाल्या.

याच संघटनेने पुढे 'अ कोरस लाइन'चा धडा गिरवला. नवे नाटक घडवताना तालमीत कलावंत जी भर घालतात तिचे मोल काय, हा प्रश्न घेऊन जानेवारी २०१९ मध्ये इक्विटीने अशा तालमींवर बहिष्कार टाकला. महिनाभरात तडजोड झाली आणि नाटकाचा खर्च वसूल झाल्यावर नफ्यातील १ टक्का वाटा त्या कलावंतांमध्ये वाटण्याचे मान्य झाले. एक डॉलरपासून एक टक्क्यापर्यंत यायला पंचेचाळीस वर्षे लागली. वाटा लहान आहे. पण तो कोणी दयेने दिलेला नाही, मागून घेतलेला आहे. मुंबईतही चित्रपटांत नाचणाऱ्यांची 'सिने डान्सर्स असोसिएशन' ही संघटना आहे, हे नाचाच्या क्षेत्रात जाऊ पाहणाऱ्या मुलामुलींनी लक्षात ठेवावे.

आपल्या घरात

आता थोडे घरातल्या माणसांशी. आज दूरदर्शन संचावर आणि मोबाईलवर नाचाच्या स्पर्धा दिवसरात्र चालतात. वस्तीतली मुले गल्लीत, गच्चीवर, स्टेशनजवळच्या मोकळ्या जागेत सराव करतात. त्यांच्यात गुण आहेत. बंधू-भगिनींनो, आपला मुलगा नाचतो म्हणून त्याला हसू नका आणि मुलगी नाचते म्हणून तिला घरात कोंडू नका. माईक बहिणीचे बूट घालून पळाला नसता तर त्याला आपल्या पायात काय आहे हे कधी कळलेच नसते.

परंतु मुलांना नुसती टाळी देऊन भागणार नाही. शिक्षण सुटू देऊ नका. गुडघा दुखावला तर हाताशी दुसरे काहीतरी असले पाहिजे. कोणत्याही कागदावर सही करण्यापूर्वी तो वाचा, स्वतःला समजत नसेल तर जाणत्याकडून वाचून घ्या आणि त्याची प्रत घरी ठेवा. 'सगळेच सही करतात' हे सही करण्याचे कारण होऊ शकत नाही. कोणी फुकट नाचायला, फुकट तालीम करायला सांगत असेल तर यातून कमावतो कोण, हे विचारा. आणि विचारायचे तर एकट्याने नव्हे, दहा जणांनी मिळून विचारा.

शेवटची गोष्ट न निवडलेल्यांची. शेकडो आले आणि आठ निवडले गेले. बाकीचे नालायक होते काय? मुळीच नाही. जागाच आठ होत्या. आपली मुले परीक्षेला बसतात, भरतीला धावतात, मुलाखतीला जातात आणि यादीत नाव नाही म्हणून मान खाली घालून येतात. त्या दिवशी त्यांना 'तुला जमले नाही' असे म्हणू नका. ताट वाढा, जवळ बसा आणि पॉलच्या वडिलांनी केले तेवढे करा. हा माझा मुलगा आहे, ही माझी मुलगी आहे, हे मोठ्याने म्हणा. अंधारात बसलेल्या माणसाने नाव घेतले नाही म्हणून उजेडात उभ्या असलेल्या माणसाची किंमत कमी होत नाही.